तरसोजीराव कोणी काढला?

चिंचवड, ७ जून १९५६

‘सूरपारंबी’ मासिकाच्या संपादकांना हिंदुराव पेंटरचा दुरूनच नमस्कार.

ऑगस्टच्या अंकाची चित्रं सोबत आहेत. सहा चौकटी आहेत. तुम्ही लिहून पाठवलेल्या गोष्टीप्रमाणेच चिंगी खार सीताफळ पळवते आणि तरसोजीराव तिच्यासाठी सापळा लावतो. शेवटी त्याचंच शेपूट सापळ्यात अडकतं. चित्रं छपाईचे ब्लॉक करणाऱ्याकडे देताना दुमडू नका. मागच्या खेपेला चिंगीच्या कानावर घडी उमटली होती.

आता तुमच्या प्रश्नाबद्दल. तुम्ही लिहिलंत, “अलीकडे रेघ बदललेली दिसते. तब्येत ठीक आहे ना?”

तब्येत उत्तम आहे. चार वर्षं मी हा तरस काढतोय. माणूस सारखी एकच रेघ ओढत नाही. आणि हा प्रश्न तुम्हांला आत्ताच का पडला? कोणी काही सांगितलं का? इथे कारखान्यात बबनराव म्हणून एक पेंटर आहे. दर रविवारी पुण्याला जातो आणि चारजणांत बसून बडबडतो. त्याने तुमच्या कचेरीत पाऊल टाकलं असेल तर स्पष्ट कळवा. तो माझ्या कामावर टपलेला आहे.

पिंपरीच्या औषधाच्या कारखान्यातली माझी नोकरी नीट चालू आहे. चिंचवड गावात गोजाबाईंच्या घरामागची खोली भाड्याने घेतली आहे. जागा हवेशीर आहे. अक्षर वेगळं वाटलं तर मनात काही आणू नका, टाक नवीन आहे.

तुमची-माझी बोलाचाली दोन वर्षं बंद आहे, ती तशीच राहू द्या. मी चित्रं पाठवावीत, तुम्ही छापावीत. याहून जास्त चौकशा नकोत.

हिंदुराव


चिंचवड, ११ जुलै १९५६

संपादकमहाशय,

तुमचं पत्र मिळालं. मुलांची पत्रं ढिगाने येतात आणि दहातली आठ तरसोजीरावाबद्दल असतात, असं तुम्ही लिहिलंत. वाईच्या एका मुलीने म्हणे कळवलंय, “चिंगीला एखाद्या महिन्यात सुट्टी द्या, पण तरसोजीरावाला देऊ नका.” हे वाचून मला आनंद व्हायला पाहिजे होता. चार वर्षांत माझ्या तरसाबद्दल एका पोराचं कार्ड आलं नव्हतं, हे तुम्हीच मला एकदा ऐकवलं होतं. मग या चार महिन्यांत असं काय झालं? तुम्ही मला चढवून माझ्या तोंडून काही काढू बघताय, असा मला संशय येतो.

पण आज लिहायचं कारण निराळं आहे. काल ज्वारीच्या डब्यात मला तुमचं एक कार्ड सापडलं. मी शोधत नव्हतो. दळणाला ज्वारी काढून द्यावी म्हणून हात घातला. कार्डावर तुमचं अक्षर. मी ते शाळेपासून ओळखतो. मजकूर असा:

“सौ. दुर्गावहिनींस. पाकीट पोचले. मागच्यापेक्षा पुष्कळच सरस. तेवढं मनावर घ्यावं ही पुन्हा विनंती.”

तेवढं म्हणजे केवढं? मनावर काय घ्यायचं? आणि “पुन्हा” म्हणजे याआधी किती वेळा? चित्रं माझी, मासिकावर नाव माझं, मग पोच माझ्या बायकोला का? आणि ते कार्ड ज्वारीत का?

मी तिला विचारलं नाही. विचारलं की माणूस सावध होतो. मी नुसता बघतो आहे. पाकीट टपालात टाकायला ती स्वतः जाते, मला जाऊ देत नाही. पूर्वी टपालवाला आला की मला हाक मारायची. आता उंबऱ्यापाशी उभी राहून आधीच पत्र घेते. काल तुमचं पाकीट माझ्या हाती लागलं तेव्हा फोडायच्या आधी मी ते उन्हात धरून पाहिलं. आत काही दिसलं नाही.

एक जुनी गोष्ट बोलून टाकतो. तुमच्या मामांनी दुर्गाच्या वडिलांकडे आधी तुमचं स्थळ नेलं होतं. पत्रिका जुळली नाही म्हणून ते मागे पडलं आणि सहा महिन्यांनी माझं लग्न तिच्याशी झालं. ही गोष्ट मी विसरलो, असं तुम्ही धरून चालला असाल. मी विसरलेलो नाही.

उलट टपाली खुलासा करावा. माझ्या नावाने करावा.

हिंदुराव


चिंचवड, १९ ऑगस्ट १९५६

ज्योतीराम,

तुझा खुलासा आला. “वहिनींना विचार, त्या सांगतील तेच खरं.” हा खुलासा नाही, ही पळवाट आहे. पण आता तुम्ही-आम्ही करत बसायचा मला कंटाळा आला. भांडायचं तर अरे-तुरेनेच भांडू.

आधी माझ्या बाजूचं एक सांगून टाकतो, कारण बबनरावाने ते तुला सांगितलेलंच असणार. गेल्या संक्रांतीच्या आठवड्यात थेरगावच्या एका गिरणीची पाटी रंगवताना मी शिडीवरून पडलो. चूक माझीच होती, शिडी नीट टेकवली नव्हती. उजवं मनगट मोडलं. मी डॉक्टरकडे न जाता हाड बसवणाऱ्याकडे गेलो आणि ते वाकडं बसलं. आता बोटं मिटत नाहीत. हे पत्र डाव्या हाताने लिहितोय, आधीचीही तशीच लिहिली. कारखान्यात मी आता पेंटर नाही. स्टोअरच्या खिडकीत बसून दुसऱ्यांना रंगाचे डबे काढून देतो. माझ्या जागेवर बबनराव आहे. रोज सकाळी तो माझ्याच हातून डबा नेतो आणि वर “हात कसा आहे, भाऊ?” म्हणून विचारतो.

हात बरा होत आला आहे. चित्रं मीच काढतो. दुर्गा फक्त काळा रंग भरते. एवढंच.

आता ऐक. गेल्या रविवारी जेवण झाल्यावर दुर्गा म्हणाली, “नदीवर जाऊन येते.” कपडे धुवायचे नव्हते. हातात पिशवी होती. मी पाच मिनिटं थांबलो आणि मागोमाग निघालो. ती पवनेच्या काठाने थेरगावच्या बाजूला चालत गेली. पलीकडे जाणारी माणसं नावेची वाट बघत बसतात, तिथे एका दगडावर बसली. मी बाभळीआड उभा राहिलो. कोण येतं ते मला बघायचं होतं.

अर्धा तास गेला. कोणी आलं नाही. तिने पिशवीतून वही काढली आणि मांडीवर ठेवून काहीतरी लिहायला लागली. मधेच मान वर करून माणसांकडे बघायची, पुन्हा खाली. पत्र लिहितेय असं मला वाटलं. कोणाला लिहितेय, हे तुला मी सांगायला नको. मी पुढे वाकलो तशी बाभळीच्या काट्याने माझी टोपी ओढली आणि ती खाली पडली. दुर्गाने वळून पाहिलं. मी आडोशाला होतो, तिने पाहिलं नसावं. ती हसल्यासारखी वाटली आणि पुन्हा वहीत डोकं घातलं.

घरी आल्यावर मी विचारलं, “नदीवर कोण भेटलं?”

“भेटलं एकजण,” ती म्हणाली. “पण बोलला नाही.”

ज्योतीराम, तू त्या दिवशी थेरगावच्या काठावर होतास का? खरं सांग.

आणि आपलं भांडण कशावरून झालं ते तुला आठवतं का? मला आठवतं. तुझ्या कचेरीत आम्ही दोघं आलो होतो. चहा येईपर्यंत दुर्गाने रद्दी कागदावर तुझ्या शिपायाचं चित्र काढलं. तू ते उचलून चारचौघांत म्हणालास, “हिंदू, वहिनींचा हात तुझ्यापेक्षा मोकळा आहे बरं का.” सगळे हसले. मी दौत उलटी केली ती त्यामुळे. मानधनावरून वाद झाला असं मी बाहेर सांगत आलो, पण मानधनाचा त्यात काही संबंध नव्हता.

हिंदुराव


चिंचवड, ३ ऑक्टोबर १९५६

ज्योतीराम,

तुम्ही दोघांनी मिळून माझी पार शोभा केलीत.

हात मोडल्यापासून ‘सूरपारंबी’चा अंक मी उघडला नव्हता. आला की कोनाड्यात टाकून द्यायचा. दुर्गाचं काम चालू असतानाही मी तिकडे फिरकत नसे. हो, चित्रं तीच काढते. मार्चपासून सगळी. रंग भरते म्हणून लिहिलं होतं ते खोटं होतं. मीच तिला म्हणालो होतो, “माझ्या नावाने काढ, काम हातचं जायला नको.” पण तिने काय काढलं ते बघायची माझी छाती होत नव्हती. माझ्यासारखं जमलं नसलं तर वाईट वाटलं असतं, आणि माझ्याहून चांगलं असलं तर त्याहून वाईट.

काल संध्याकाळी घरमालकीण गोजाबाई ओसरीवर बसल्या होत्या. नातीसाठी त्या आमच्याकडून अंक नेतात. मला बघून त्यांनी हाक मारली.

“पेंटर, हिकडं या जरा. ह्ये बगा.” त्यांच्या हातात ऑक्टोबरचा अंक होता. “ह्यो बाभळीमागं कोन हाय?”

“तरस आहे, गोजाबाई. गोष्टीतला.”

“तरस व्हय? मला वाचाया येत न्हाई, पर डोळं हायती की. ह्ये तर तुमीच हाय!”

आणि हसत सुटल्या. त्यांची नातही हसली.

मी अंक घेतला आणि खोलीत येऊन कोनाड्यातले बाकीचेही काढले. दाराला कडी लावून एकेक बघत गेलो. ज्योतीराम, माझा तरस दात दाखवायचा. हिचा तरस कान टवकारतो. खिडकीच्या फटीतून बघतो. डब्यात हात घालतो. चिंगीला आलेलं पाकीट उन्हात धरून वाचू बघतो आणि उन्हाने त्याच्याच डोळ्यांतून पाणी येतं. ऑक्टोबरच्या अंकात तो बाभळीआड उभा आहे. टोपी काट्याला अडकली आहे, नाक बाहेर आलं आहे, आणि त्याला वाटतंय की आपण कोणाला दिसत नाही. ती चाल माझी आहे. मान खाली घालून वर बघायची खोडही माझी. अख्ख्या महाराष्ट्रातली पोरं दर महिन्याला मला हसतायत आणि खाली छापलंय, “चित्रे: हिंदुराव.”

तुला हे पहिल्यापासून दिसत होतं. तू मला लहानपणापासून ओळखतोस, मला या चेहऱ्यात ओळखलं नसशील असं होणार नाही. तरी छापत राहिलास.

आता माझं ऐक. पुढच्या अंकात तरसोजीराव मेला पाहिजे. विहिरीत पाड, दगडाखाली घाल, काहीही कर. नाही केलंस तर मी दुसऱ्या मासिकांना पत्र पाठवून कळवीन की ‘सूरपारंबी’चे संपादक खोट्या नावाने चित्रं छापतात. त्यात माझीही अब्रू जाईल, जाऊ दे. दुर्गाशी मी कालपासून बोललेलो नाही.

हिंदुराव


चिंचवड, २८ ऑक्टोबर १९५६

ज्योती,

मागचं पत्र फाडून टाक. टाकलं नसशील तर ठेवू नकोस.

ते पत्र टपालात टाकून आलो आणि सगळे अंक दुर्गापुढे आपटले. ती भाकरी थापत होती.

“हा कोण?”

“तरसोजीराव,” ती म्हणाली. हात थांबला नाही.

“मी विचारतोय, हा कोण?”

“ओळखलंत की. मग विचारता कशाला?”

मी खूप बोललो. नवऱ्याची टवाळी करायला लाज वाटली नाही का, इथपर्यंत बोललो. तुझ्याबद्दलही जे बोलायचं नाही ते बोललो. तिने भाकरी तव्यावर टाकली, उलटली, शेकली, खाली काढली. मग तवा उतरवून माझ्यासमोर येऊन बसली.

“तुमचा हात मोडला तेव्हा मी तुमचे जुने अंक समोर ठेवून काढायला बसले. चार दिवस तुमच्यासारखेच दात काढले. मेलेल्या तरसाचे दात दिसायचे. मी कधी दात दाखवणारं कोणी पाहिलं नाही हो. घरात जे दिसत होतं, ते काढलं.”

“म्हणजे मी दुष्ट.”

“दुष्ट म्हटलं का मी? तुम्ही सारखे घाबरलेले असता. कोणीतरी येऊन आपलं काहीतरी नेणार म्हणून. बबनराव नोकरी नेणार, भावोजी बायको नेणार, बायको नाव नेणार. सात महिने मी हेच बघतेय. नदीवर मी माणसं काढायला जायचे. त्या दिवशी तुम्ही बाभळीमागे आलात, मग बाकीची माणसं काढायची राहिलीच.”

“रागाने काढलंस ना सगळं?”

तिने हाताचं पीठ झटकलं. “पहिले दोन महिने रागानेच. खोटं कशाला बोलू? मग भावोजींच्या कार्डांतून मुलांची पत्रं कळायला लागली. एका मुलाने लिहिलं होतं, तरसोजीरावाला कोणी मित्र का नाही? ते वाचल्यापासून राग धरून काढता येईना.”

मग तिने ट्रंकेतून तुझी कार्डं काढली. पाच होती. लपवली का, म्हणून विचारलं तर म्हणाली, “तुम्ही वाचली असतीत तर चित्रंच बंद केली असतीत.”

मी सगळी वाचली. मार्चचं: “वहिनी, ही रेघ हिंदूची नव्हे. तुमची असेल तर नाव तुमचं छापू द्या.” एप्रिलचं: “तुम्ही नको म्हणता तर नको. त्याचा हात मोडल्याचं कोणाला बोलणार नाही, आणि मला ठाऊक आहे हे त्यालाही कळू देणार नाही.” मेमध्ये पुन्हा नावाबद्दल, जूनमध्ये पुन्हा. “तेवढं मनावर घ्यावं,” ते एवढंच होतं. आणि दर वेळी ती तुला नको म्हणत आली, कारण नाव गेलं तर मी खचेन असं तिला वाटत होतं.

म्हणजे एप्रिलपासून तुला सगळं ठाऊक होतं आणि तरी जूनमध्ये तू मला विचारलंस, तब्येत ठीक आहे ना. मी आपणहून खरं सांगेन म्हणून वाट पाहत होतास. मी मात्र तुला बबनरावाची चौकशी करायला लावली. तो बिचारा रविवारी पुण्याला त्याच्या आजारी बहिणीकडे जातो, हे मला परवा कळलं. मी त्याला कधी विचारलंच नव्हतं.

कार्डं वाचून झाल्यावर मी दुर्गाला म्हणालो, “पुढच्या पाकिटाबरोबर ज्योतीला कळव, नाव तुझं घालायचं.”

“नको,” ती म्हणाली.

“का?”

“तुम्ही नीट विचार केला नाहीत. आत्ता चित्रं तुमच्या नावाची आहेत म्हणून कोणाला शंका येत नाही. माझं नाव आलं की सगळं चिंचवड म्हणेल, बाईने नवऱ्यालाच काढलंय. गोजाबाईंनी ओळखलं ते बाकीचे ओळखणार नाहीत का? कारखान्यात फिरणं मुश्कील होईल तुम्हांला. झेपेल?”

मी लगेच हो म्हटलं नाही. हे मला तुला सांगायचं आहे. मी बाहेर गेलो, देवळाच्या घाटावर जाऊन बराच वेळ बसलो. स्टोअरच्या खिडकीत माणसं येतील, डबा घेतील आणि हसतील, ते डोळ्यांपुढे आलं. माझ्याकडे आता हात नाही, नावही जाणार, आणि राहणार काय तर हे तोंड. पण तिने सात महिने माझ्या नावाने काम केलं आणि एकदाही कुठे बोलली नाही. मी सात दिवस असा राहू शकलो नसतो.

परत आलो तेव्हा ती ताट वाढून बसली होती. मी म्हणालो, “झेपेल की नाही माहीत नाही. पण नाव तुझंच जाईल.”

तेव्हा हे माझं लेखी समज. जानेवारीच्या अंकापासून चित्रांखाली दुर्गाबाई असं छाप. तरसोजीरावाला मारू नकोस. आणि मी तुझ्याबद्दल आणि तिच्याबद्दल जे मनात आणलं, त्याची माफी पत्रातून मागून भागणार नाही. पुण्याला येऊन समोर मागतो. दारातून घालवून दिलंस तरी चालेल.

तुझा
हिंदू


चिंचवड, ९ जानेवारी १९५७

ज्योती,

तुझ्याकडून परतताना उशीर झाला, पण दुर्गाला बसमध्ये बसायला जागा मिळाली. तू मला दारातून घालवलं नाहीस याचं मला अजून नवल वाटतं. तू नुसता “बस, चहा घे” म्हणालास. त्यापेक्षा चार शिव्या दिल्या असत्यास तर मला सोपं गेलं असतं.

जानेवारीचा अंक इथे पोचला. दुर्गा म्हणाली होती तसंच झालं. पहिल्यांदा गोजाबाईंच्या नातीने आळीत सांगितलं, तिथून वाण्याच्या दुकानात गेलं, आणि सोमवारी सकाळी कारखान्याच्या गेटवर कोणीतरी मागून ओरडलं, “आले, आले, तरसोजीराव आले!” मी वळून पाहिलं नाही. कानशिलं तापली होती. त्या दिवशी दोघांना चुकीच्या रंगाचे डबे दिले.

दुपारी कोणी बोललं की मला वाटायचं, माझ्याबद्दलच बोलतायत. बऱ्याचदा बोलतही असतील. ही खोड इतक्यात जायची नाही. तुझ्यापासून काय लपवू, कालही दुर्गा एकटीच हसली तेव्हा का हसली म्हणून मी दोनदा विचारलं. तिने वही मिटली आणि म्हणाली, “छापून आलं की बघा.”

पण आज सकाळची गोष्ट तुला कळवायची होती. बबनराव स्टोअरच्या खिडकीशी आला. हातात अंक होता, बहिणीच्या घरून आणलेला. तो डबा मागेना, नुसता उभा. मागे चार-पाच माणसं खोळंबली होती. शेवटी अंक खिडकीत ठेवून हळूच म्हणाला, “भाऊ, राग मानू नका. सगळे म्हणतात म्हणून विचारतो. हा तरस म्हणजे खरंच तुम्ही का?”

मागची माणसं पुढे सरकली. मी अंकाकडे पाहिलं. यावेळी तिने त्याला एका दगडावर एकटं बसवलं आहे. चिंगीने टाकलेलं अर्धं सीताफळ तो हातात धरून बघतोय. खावं की यात काही डाव आहे, हे त्याला ठरवता येत नाही. इतकं नेमकं मला चांगल्या हाताने कधी जमलं नसतं.

“होय, मीच,” मी म्हणालो. “आणि काढते ती माझी बायको.”

तुझा
हिंदू